जपानची मारामारी, व्हिएतनामची पाटी

रविकांत सोनटक्के कुवेतमधल्या हवल्लीतल्या एकाच इमारतीत अठरा वर्षं राहिला. तरी खालच्या हारिसला, म्हणजे इमारतीच्या राखणदाराला, त्याचं नाव विचारलं असतं तर तो डोकं खाजवून म्हणाला असता, तिसरा मजला, मंदा मॅडमचा आदमी. यात हारिसचा काही दोष नव्हता. काही माणसं जन्माला येतानाच ‘आणि इतर’ म्हणून येतात. सोनटक्क्यांच्या लग्नाच्या अल्बममध्ये भटजी आहेत, आचारी आहे, मांडवात शिरलेलं एक कुत्रंही आहे. नवरदेवाचा मात्र बहुतेक ठिकाणी अर्धा कान आणि फेट्याचा तुरा.

हे मंदाचं मत. मंदाची मतं पुष्कळ होती आणि त्यातली निम्मी नवऱ्याविषयी होती.

ती औशाची, तो अंबाजोगाईचा. इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा करून तो कुवेतला आला तो हजेरीची मशीनं बसवायला. आधी अंगठ्याची मशीनं होती, मग चेहरा ओळखणारी आली. बँक, दवाखाना, तेलाची साइट, जिथं माणसं कामाला येतात तिथं दारात ते डबडं आणि डबडं बिघडलं की रविकांत. अख्ख्या देशात कोण किती वाजता आलं आणि किती वाजता गेलं, याचा हिशोब ठेवणाऱ्या यंत्रांचा हा वैद्य. आणि हा स्वतः घरात आला काय नि गेला काय, मंदा म्हणायची, कुलपाला कळतं तेवढंच.

एवढ्यावर भागलं असतं तर तिनं निभावून नेलं असतं. तिच्या माहेरच्या बायकांनी यापेक्षा वाईट नवरे निभावले होते. दारुडे, जुगारी, तमाशाच्या मागं जाणारे. त्या व्यसनांना निदान इज्जत तरी होती. चार माणसांत सांगता यायची, रडता यायचं. पण आपला बावन्न वर्षांचा नवरा संध्याकाळी हातपाय धुऊन, चहाचा कप घेऊन, प्लास्टिकचे कपडे घातलेल्या जपानी माणसांची मारामारी बघत बसतो आणि त्या मारामारीखाली पाटी असते व्हिएतनामी भाषेतली, हे ती कुणाला आणि कुठल्या तोंडानं सांगणार होती?

खूळ आणलं होतं पोरानं. अथर्व आठ वर्षांचा असताना इंटरनेटवर हे पिक्चर बघायचा. इंग्रजी पाट्या, म्हणजे सबटायटल्स, यायला महिनोन्‌महिने लागायचे, व्हिएतनामी पाट्या आठ दिवसांत यायच्या. तेव्हा ज्या आल्या त्या बघायच्या, कळो न कळो. पोरगं मोठं झालं, त्याचं खूळ सुटलं, ते कॉलेजला कॅनडात गेलं. खूळ मात्र घरातच राहिलं आणि बापाला डसलं. मंदा फोनवर तक्रार करायची तेव्हा अथर्व तिकडून म्हणायचा, “आई, लेट हिम बी ना. ही इज हॅपी.”

“हॅपी हाय म्हणूनच तर,” मंदा म्हणायची. “दुखणं असतं तर डॉक्टरला दाखवलं असतं.”

त्यातही रविकांतला साधे पिक्चर नको असत. त्याला लागायचे जोड-पिक्चर. म्हणजे या वर्षीचा बहाद्दर आणि गेल्या वर्षीचा बहाद्दर, दोघांच्या गोष्टी वेगळ्या, गावं वेगळी, शत्रू वेगळे, तरी दोघांना ओढूनताणून एका पिक्चरमध्ये आणायचं. मंदानं स्वयंपाकघराच्या दारातून असे इतके बघितले होते की तिला आता त्यांचा सगळा साचा पाठ होता. आधी दोघं एकमेकांना ओळखत नाहीत, म्हणून विनाकारण हाणामारी करतात. एक शब्द बोलले असते तर भागलं असतं, पण बोलायचं नाही. मग गैरसमज मिटतो. मग दोघं मिळून एका खडी क्रशरवर जातात. मारामारी कायम खडी क्रशरवर, औशाच्या रस्त्यावर होता तसल्या. जगाचा नाश करायला निघालेल्या राक्षसाला जगात दुसरी जागा मिळत नाही. आणि तिथं गेल्यावर लगेच लढतील तर शपथ. एकेक जण पुढं येणार, एक हात कमरेवर, एक हात आभाळात, आणि नाव सांगणार. सावकाश. मागं धडाम करून धूर. मग दुसरा. मग तिसरा. तोवर राक्षस उभा. हातात एवढी मोठी तलवार, पण मधे वार करायचा नाही, नावं संपेपर्यंत वाट बघायची.

“एवढा सभ्य राक्षस मी आपल्या दोघांच्या खानदानात नाही बघितला,” मंदा म्हणायची.

आणि शेवटी, दम संपत आला की, वीस वर्षांपूर्वीचे बहाद्दर हजर. कुठून आले, कशाला आले, विचारायचं नाही. त्यांना काम काही नसतं. सत्काराला बोलावलेल्या माजी अध्यक्षांसारखे ओळीनं उभे राहतात, एकेक लाथ मारतात आणि जातात. तेवढ्यावर रविकांतचे डोळे पाणावलेले.

माजी अध्यक्षांची उपमा मंदाला सुचायला कारण होतं. कुवेतमधल्या मराठी बायकांचा ‘पालवी’ नावाचा एक गट होता. तिळगूळ, मंगळागौर, भोंडला आणि फेब्रुवारीच्या शेवटी वार्षिक कार्यक्रम. गटात पुण्या-मुंबईच्या बायका जास्त. नवरे बँकेत, आयटीत, ऑडिटमध्ये. अध्यक्ष ज्ञानदाताई. रुमैथियात त्यांचं मोठं घर, नवरा अजय बँकेत वरच्या खुर्चीवर. बाई दिसायला नीटनेटकी, बोलायला गोड आणि त्या गोडाखाली सुरी. मंदाला त्यांनी अकरा वर्षं गटात ठेवली होती ती पुरणपोळीसाठी. पन्नास माणसांचं पुरण मंदाशिवाय कुणाला झेपायचं नाही. स्टेजवर मात्र मंदा कधी गेली नव्हती, आणि तिची एकच इच्छा होती की एकदा तरी वार्षिक कार्यक्रमाचं निवेदन आपण करावं.

ही इच्छा वेडगळ नव्हती. शाळेत असताना औशाच्या गणेशोत्सवात तिनं माईकवर सगळं गाव खिळवलं होतं. आवाज होता, हजरजबाबीपणा होता. अडचण एकच होती. तिच्या तोंडात औसा होतं. अकरा वर्षांत तिनं ते बरंच घासून काढलेलं. पालवीत गेली की ‘करायले’चं ‘करते आहे’ व्हायचं, ‘पायजे’चं ‘हवं’ व्हायचं, वाक्य बोलण्याआधी ती मनात एकदा इस्त्री फिरवून घ्यायची. त्यामुळं तिचं बोलणं हळू झालेलं, आणि बायकांना वाटायचं, मंदा फार शांत आहे. औशात हे कुणाला सांगितलं असतं तर लोक हसून मेले असते.

या डिसेंबरात तिनं धीर करून विचारलंच. ज्ञानदाताई म्हणाल्या, “अगं, छान कल्पना आहे. जानेवारीचं हळदीकुंकू तुझ्याकडे करू या. बाकीच्यांनाही तुझं बोलणं ऐकू दे जरा मोकळेपणी. मग तिथंच ठरवू.”

म्हणजे परीक्षाच. तारीख ठरली जानेवारीतला शेवटचा शुक्रवार, दुपारी चार. मंदानं वाणाला स्टीलच्या गाळण्या आणल्या, पडदे धुतले आणि एक तुपाळ, शुद्ध, पुणेरी उखाणा आठ दिवस पाठ केला.

त्याच महिन्यात रविकांतही एका परीक्षेला बसला होता. पण त्याची परीक्षा कुणाच्या लक्षात येण्यासारखी नव्हती.

झालं असं की दोन वर्षांपूर्वी दक्षिणेकडं तेलाच्या साइटवर चेहऱ्याचं मशीन बसवायला गेला असताना त्याला जेवणाच्या सुट्टीत एक वेल्डर मोबाइलवर तोच पिक्चर बघताना दिसला. त्याच पाट्या. थांग त्याचं नाव. हा थांग आधी तीन वर्षं जपानमध्ये कारखान्यात राबलेला, तिथं जपानी शिकलेला आणि आता कुवेतात दिवसा पाइप जोडायचा नि सुट्टीच्या दिवशी त्या पाट्यांचं भाषांतर करायचा. ज्यांच्या पाट्या रविकांत नऊ वर्षं न समजता वाचत होता, त्यांच्यातला एक माणूस त्याच्यासमोर डबा खात बसलेला. रविकांतनं त्या दिवशी मशीन उलटं बसवलं.

थांगच्या पाट्यांच्या गटात अनुवादक पुष्कळ होते, अडायचं ते वेळ लावणारा माणूस मिळेना म्हणून. माणूस बोलायला लागला की पाटी दिसली पाहिजे, गप्प झाला की गेली पाहिजे. त्याला भाषा लागत नाही, कान लागतो. कळ दाबली, वाक्य सुरू. कळ दाबली, वाक्य संपलं. येणं-जाणं. रविकांतला जन्मात दुसरं काय येत होतं? थांगनं त्याला गटात घेतलं. आधी छोटे तुकडे दिले, मग या वर्षीचा मोठा जोड-पिक्चर अख्खा दिला. सात बहाद्दर एकदम ओरडणार, त्यातलं कुणाचं कुठं सुरू, कुठं संपलं, हे एकट्या रविकांतनं लावायचं. पाच आठवडे तो कानाला हेडफोनची डबडी लावून बसला. त्या पाच आठवड्यांत त्यानं दोनदा मीठ समजून साखर घातली आणि एकदा मंदाला विचारलं, “तू आता श्वास कुठं घेतलीस?”

“तुमच्या नावानं सोडायले, तवा आधी घेतला आसंल,” मंदा म्हणाली.

पिक्चरच्या शेवटी त्याचं नाव येणार होतं, हे त्यानं तिला भीत भीत सांगितलं.

“शेवटी म्हंजे? लोक उठून गेल्यावर?”

“नाही, तसं… थोडे लोक बसतेत.”

“बसतेत चपला शोधायला.”

पहिल्यांदा बघायचा तर थांग आणि गटातल्या कुवेतातल्या माणसांबरोबर बघायचा, असं रविकांतनं ठरवलं. शुक्रवारीच. हळदीकुंकू सहापर्यंत आटपणार, म्हणून त्यानं गटाच्या चॅटवर इंग्रजीत टाकलं: शुक्रवारी रात्री आठ वाजता माझ्या घरी या. खाली पत्ता, खाली इमारतीचा फोटो.

आता या गटाचा एक नियम होता. माणसं हनोईत, जपानात, युरोपात, कुवेतात. प्रत्येकानं आपापलं घड्याळ सांगायला सुरुवात केली की गोंधळ. म्हणून चॅटवर कुठलीही वेळ लिहायची ती हनोईची. हा नियम कुणी मोडला की त्याला झापायचं काम रविकांतकडं होतं, कारण नियमाचा आग्रह त्याचाच. हनोईत आठ वाजतात तेव्हा कुवेतात वाजतात चार. अठरा वर्षं दुसऱ्यांच्या वेळा बिनचूक लावणाऱ्या या माणसानं आयुष्यात पहिल्यांदा कुणाला तरी घरी बोलावलं आणि आपल्याच नियमात आपण सापडला.

शुक्रवारी चारला पाच मिनिटं कमी असताना ज्ञानदाताई आणि आठ बायका आल्या. पैठण्या, नथी, अत्तरं. मंदानं दिवाणखान्यात सतरंजी घातलेली, तबक सजवलेलं, तोंडाला इस्त्री केलेली. “या ना, बसा ना, किती छान दिसता आहात,” असं ती एकेक शब्द मोजून म्हणत होती. रविकांतला तिनं आतल्या खोलीत कोंडल्यासारखं बसवलं होतं.

बरोबर चारला घंटी वाजली.

दारात चार पुरुष आणि एक बाई. कामाचे स्वच्छ धुतलेले निळे शर्ट, केस पाण्यानं बसवलेले, हातात फळांची पिशवी आणि एक डबा. बाईचं नाव लान, एगैलाच्या मॉलमधल्या पार्लरात नखं रंगवायची. पाचही जण एकदम वाकले. सगळ्यात पुढचा, थांग, म्हणाला, “मिस्टर रवि हाउस?”

मंदाला सगळं कळायला जेवढा वेळ लागायला हवा होता तेवढाही लागला नाही. आतून रविकांत आला. त्यानं घड्याळ बघितलं, त्यांना बघितलं, आणि त्याचं तोंड मशीननं नाकारलेल्या माणसासारखं झालं.

“हनोई टाइम,” थांग हसून म्हणाला. आपण वेळेवर आलो याचा त्याला अभिमान वाटत होता.

“अवो,” मंदा दातांवर दात ठेवून म्हणाली, “हे काय करून बसलाव?”

“माज्याकडून… चार तासांचं…”

“तीस वर्षात एकदा पाहुणे बोलावलाव, आन ते बी माज्या उरावर.”

मागून ज्ञानदाताईंचा आवाज आला. “मंदा, कोण गं? दुरुस्तीवाले आहेत का? त्यांना नंतर यायला सांग ना.”

हीच ती जागा जिथं मंदानं एक साधं ‘हो’ म्हटलं असतं तर सगळं सुरळीत झालं असतं. दुरुस्तीवाले म्हणून ते पाच जण खाली हारिसजवळ दोन तास बसले असते. रविकांतनंही हूं की चूं केलं नसतं. तो तिच्याकडं बघत होता, आणि त्याच्या चेहऱ्यावर विनंतीसुद्धा नव्हती. तेच तिच्या डोक्यात गेलं. बाप्या भांडला असता तर तिनं त्या पाचांना हाकललं असतं. हा आधीच हरून उभा.

“पाहुणे आहेत,” ती म्हणाली. “ह्यांचे.”

पाच जण भिंतीकडेला ओळीनं बसले, गुडघे जुळवून, माजी बहाद्दरांसारखे. पालवीच्या बायकांनी पदर सावरले, सतरंजी आखडून घेतली. ज्ञानदाताईंनी हळूच विचारलं, “काय करतात हे?”

“वेल्डर हायेत,” मंदा म्हणाली, आणि इस्त्री पहिल्यांदा विस्कटली.

“अच्छा. छान. ओळख कुठली?”

“पिच्चरची. ते जपानी प्लास्टिकवाले असतेत ना, त्याची.”

“लहान मुलांचे?” ज्ञानदाताईंनी भुवया इतक्या सुंदर उचलल्या की बाकीच्या आठ जणींना हसायचं कुठं ते बरोबर कळलं.

लाननं डबा उघडला. आत तीळ आणि शेंगदाण्याच्या वड्या, त्यांच्या नववर्षाच्या. मंदानं एक खाल्ली. चिक्की. औशाच्या बाजारातली, गूळ जरा कमी. तिनं तो डबा तिळगुळाच्या शेजारी तबकात ठेवला, आणि हळदीकुंकवाची बोटं लानच्या कपाळाकडं नेली.

“अगं, थांब,” ज्ञानदाताई म्हणाल्या, “तिचं लग्न झालंय का ते तरी विचार.”

“मी काय तिचा कागद तपासायले का, ताई?” मंदा म्हणाली आणि कुंकू लावून मोकळी झाली.

मग उखाणे सुरू झाले. ज्ञानदाताई आधी. त्या उठल्या, पदर खांद्यावर घेतला, एक हात तबकावर, एक हात किंचित वर, आणि सावकाश म्हणाल्या:

“आखाताच्या निळाईवर चांदण्याचा साज,
अजयरावांचं नाव घेते, हळदीकुंकू आज.”

बायकांनी टाळ्या वाजवल्या. भिंतीकडच्या पाच जणांनीही वाजवल्या, पण जास्त जोरात. दुसरी उठली, पदर सावरला, पवित्रा घेतला, नाव घेतलं. तेव्हा थांगच्या तोंडावर काहीतरी उजाडलं. तो शेजाऱ्याला कोपरानं ढोसून काही बोलला. तिसरी उठली तेव्हा त्यातल्या सगळ्यात जाड्या वेल्डरनं तोंडानं ‘धडाम’ असा आवाज काढला, अगदी तिचं नाव घेऊन संपल्याबरोबर, एक क्षण मागं ना पुढं. दाराशी उभ्या रविकांतची मान आपोआप हलली. वेळ बरोबर लागली होती.

मंदानं एकदम पाहिलं. एकेक बाई पुढं येतेय. हात वर. नाव. बाकीच्या गप्प उभ्या, आपली पाळी येईपर्यंत मधे बोलायचं नाही. तीच ती खडी क्रशरवरची नाटकं. फरक इतकाच की तिथं नंतर लढाई तरी होते.

तिला हसू फुटलं. तिनं ते गिळलं आणि तेवढ्यात तिची पाळी आली. आठ दिवस पाठ केलेला तुपाळ उखाणा कुठं गेला तो गेला. ती उठली. एक हात कमरेवर ठेवला, दुसरा सरळ आभाळात.

“जपानची मारामारी, व्हिएतनामची पाटी,
रविकांतरावाचं नाव येतंय सगळ्यांच्या पाठी.”

जाड्यानं धडाम केलं. वेल्डर उठून उभे राहिले. दोन बायका फसकन हसल्या आणि ज्ञानदाताईंकडं बघून थांबल्या. लान उठली. तिनंही हात वर केला, आपल्या भाषेत काही म्हणाली, लांबलचक, चालीवर, आणि शेवटी एक आखूड शब्द.

“काय म्हणाली?” मंदानं रविकांतला विचारलं.

“मला काय ठाऊक. पर वाक्य संपलं.”

थांगनं इंग्रजीत सांगितलं की शेवटचा शब्द तिच्या नवऱ्याचं नाव, तो गावाकडं भातशेती करतो. मंदानं ज्ञानदाताईंकडं वळून म्हटलं, “झालंय लग्न.”

सहाला पाच कमी असताना बायका निघाल्या. गाळण्या पिशव्यांत गेल्या. दाराशी ज्ञानदाताईंनी मंदाचा हात हातात घेतला, आणि मंदाला त्या गोडाखालची सुरी हाताला लागली.

“मजा आली गं. तुझ्यात एक रांगडेपणा आहे, तो मला फार आवडतो. निवेदनाचं काय आहे, तिथं राजदूतावासातले लोक असतात, भाषा जरा प्रमाण लागते. ते या वर्षी आपली पुण्याची स्वरा करेल. तू आभार मान. दोन मिनिटं. मी लिहून देते, तू फक्त वाच.”

“बरं,” मंदा म्हणाली.

आभार म्हणजे काय हे तिला अकरा वर्षांत चांगलं कळलेलं होतं. शेवटचं गाणं संपतं, जेवणाच्या काउंटरवरची झाकणं उघडतात, खुर्च्या खरडतात, आणि त्या गलक्यात एक बाई कागद धरून हॉलवाल्याचे आभार मानत असते. तिनं दार लावलं. डोळ्यांतून पाणी काढायचं नाही हे ठरवून तिनं पोह्यांची भांडी उचलायला घेतली.

“बस की आता,” रविकांत म्हणाला. “लावू का?”

“लावा. एवढी माती झाली तर ती कशापायी झाली ते तरी बघू द्या.”

ती बसली. पिक्चर तिच्या अंदाजापेक्षा भंगार निघाला. मुंगळ्याच्या तोंडाचा एक, बंबासारखा लाल एक, एकाच्या डोक्यावर चक्क पंखा. ओळखपाळख नसताना मारामारी, गैरसमज, खडी क्रशर. राक्षसाच्या पाठीवरची चेन दिसत होती. सातही जणांनी नावं सांगितली तेव्हा पाचही पाहुणे पुटपुटत बरोबर म्हणत होते, आणि जाड्या वेल्डर, दहा जणांचं जेवण एकटा जेवेल असा बाप्या, बाहीनं डोळे पुसत होता. मंदाला त्या सगळ्यांची कीव आली. पोरं-बाळं गावाकडं टाकून लोखंडाला डाग द्यायला आलेली माणसं, आणि रडायला यांना हे सापडलं.

पण एक गोष्ट तिला नको असताना दिसली. सात जण एकदम किंचाळत होते आणि खाली पाट्या येत होत्या, जात होत्या, एकही एकीवर आदळत नव्हती. ज्याचं तोंड उघडलं त्याची पाटी. तोंड मिटलं, गेली. कुणालाही कापलेलं नव्हतं. सगळ्यांना आपापलं बोलायला पुरेसा वेळ मिळालेला.

शेवटी काळ्या पडद्यावर नावं आली. रविकांत पुढं सरकून बसला. थांगचं नाव आलं, थांबलं. वेल्डरांनी टाळ्या वाजवल्या. लानचं आलं, थांबलं. आणखी चार आली, निवांत थांबली. मग एक काहीतरी चमकलं आणि गेलं.

“ते काय होतं?” मंदा म्हणाली.

“ते… माजं.”

“मागं घ्या.”

त्यानं मागं घेतलं. पुन्हा चमकलं आणि गेलं. तिला ‘रवि’ एवढंच वाचता आलं.

“किती येळ ठेवलाय ह्यांनी तुमाला?”

“एक सेकंद.”

“आन त्या थांगला?”

“चार.”

“कुणी लावली ही येळ? बोलावा त्याला फोनवर. मी बोलते.”

रविकांत रिमोटकडं बघत राहिला. थांगला मराठी येत नव्हती, पण तोही खाली बघायला लागला.

“मीच लावली,” रविकांत म्हणाला.

मंदाला आधी ते कळलंच नाही. मग कळलं. लग्नाच्या फोटोतला अर्धा कान तिला आठवला, आणि तीस वर्षांत पहिल्यांदा तिच्या ध्यानात आलं की फोटो काढणाऱ्याची चूक नसेल. हाच बाजूला सरकला असेल.

“का?”

“बाकीच्यांची नावं मोठी हायेत. वाचायला येळ लागतो लोकांना.”

“थांग,” मंदा म्हणाली. “लान. पोराला घास भरवताना घेत्यात तेवढी नावं. त्यांना चार सेकंद. आन रविकांत सोनटक्के, जे मला अजून एका दमात म्हणता येत नाही, त्याला एक. सोताच्या हातानं. तुमाला लाज वाटंना का?”

“तसा काही नियम नाही…”

“उगी बसा.”

ती उठली. पदर खोचला आणि फोन उचलून ज्ञानदाताईंना लावला. त्या घरी पोचलेल्या होत्या.

“ताई, मंदा बोलायले. ते आभाराचं लिहून नका देऊ. … मानते की, नाही कुठं म्हणायले. पर शेवटी नाही मानणार. आधी मानीन. पडदा उघडला की पहिली मी. … असतेत, आभार शेवटी असतेत, मला ठाऊक हाय. ऐकायला कुणी नसतंय. … माज्याच भाषेत. दुसरी मला येत नाही, आतापोतर सोंग केलं. … दोन मिंटात नाही होणार. पुरण कुणी वाटलं इथपासून सुरू करीन. … हाव, बोला कमिटीशी. नसल जमत तर पुरणाला बी दुसरी बघा.”

 मग ज्ञानदाताई म्हणाल्या, बघू, सोमवारी कळवते, आणि या वेळी त्यांच्या आवाजातला गोडवा जरा पातळ झालेला होता. मंदानं फोन ठेवला. सोमवारी काय कळणार ते तिला माहीत नव्हतं. नाही म्हणतील असंच तिला वाटत होतं. पण पुरण पन्नास माणसांचं होतं.

रविकांत अजून तसाच बसलेला. वेल्डर चिक्की खात होते आणि या घरात नेमकं काय चाललंय याचा अंदाज तोंडांवरून घेत होते. आजवर सगळे पिक्चर रविकांतनं असेच बघितले होते.

“तुमी काय बघायलाव?” मंदा म्हणाली. “ती फाईल उघडा आन नाव नीट करा. चार सेकंद. एक कमी नाही.”

“आता नाही करता येणार. सकाळीच गेली समद्यांकडं. लोकांनी उतरवून बी घेतली.”

“मग पुढच्या पिच्चरला करा.”

हे तोंडातून गेल्यावर तिला कळलं की आपण पुढच्या पिक्चरला परवानगी देऊन बसलो. रविकांतनं थांगला इंग्रजीत काही सांगितलं, थांगनं मंदाला वाकून नमस्कार केला, जाड्यानं धडाम केलं. मंदा पोह्यांची कढई परत गॅसवर ठेवायला आत गेली. पुढचा पिक्चरही असाच भंगार असणार, याविषयी तिच्या मनात तिळमात्र शंका नव्हती.